चेहरा जुळत नाही

"हसून दाखवा, काका," डॉक्टर म्हणाल्या.

रुपराव इटनकर हसले.

डॉक्टर टेबलावर कोपरं टेकून त्यांच्याकडे बघत राहिल्या. बाहेर कंपाउंडर कुणाचा तरी नंबर पुकारत होता.

"हसा ना."

"हसलो ना."

"नाही हसलात. दात दाखवा बरं. फोटो काढताना हसतो तसं."

रुपरावांनी दात दाखवले. शेजारच्या खुर्चीत त्यांच्या पत्नी प्रेमिलाबाई मांडीवर पर्स धरून बसल्या होत्या. त्यांनी एकदा नवऱ्याकडे पाहिलं आणि मग फरशीकडे. पस्तीस वर्षं संसार केलेल्या माणसाला परक्या बाईसमोर दात काढायला लावलेलं त्यांना काही बरं वाटलं नाही.

मग डॉक्टर नीला घाट्यांनी अंगठ्यावर बोट टपटप आपटायला लावलं. कागदावर दहा वेळा नाव लिहायला लावलं. पहिलं 'रुपराव' ठसठशीत आलं, दहावं मुंगीएवढं. दारापर्यंत चालायला लावलं, तेव्हा डावा हात हलत गेला आणि उजवा अंगाला चिकटून राहिला.

"वास येतो का नीट? फोडणीचा, अगरबत्तीचा?"

रुपराव आठवू लागले. उत्तर प्रेमिलाबाईंनीच दिलं.

"याइले काहीच वास येत नाही मॅडम. मागं वांग्याची भाजी जळून कोळसा झाली. हे बाजूलेच पेपर वाचत बसून होते. मी म्हटलं, मुद्दामच उठले नाहीत."

"मुद्दाम कशाला?"

प्रेमिलाबाईंनी पर्सची चेन उघडली आणि पुन्हा लावली.

डॉक्टरांनी आजाराचं नाव सांगितलं, पार्किन्सन. मेंदूतलं एक रसायन कमी पडतं, मग अंग ताठरतं, हालचाल मंदावते. चेहऱ्याचीसुद्धा. माणसाला आतून हसू येतं, राग येतो, सगळं येतं, ते तोंडापर्यंत पोचत नाही. धंतोलीतल्या त्या लहानशा खोलीत हे सगळं त्यांनी इतक्या शांतपणे सांगितलं की ऐकणाऱ्याला घाबरायला जागाच राहिली नाही.

"कधीपासून असन हे?" रुपरावांनी विचारलं.

"चार वर्षं तरी. पाचही असतील. गोळी सुरू करू, चेहरा बऱ्यापैकी मोकळा होईल. दिवसातून तीनदा, अगदी वेळेवर. आपल्या मनानं मधेच बंद करायची नाही."

"मॅडम, मी पिक्चरमधी काम करतो."

"अरे वा," डॉक्टर म्हणाल्या. "मग तर गोळी हवीच."

रुपराव इटनकर हे नाव तुम्ही ऐकलं नसेल, तर त्यात तुमची काही चूक नाही. ते ज्या सिनेमांत होते ते थिएटरला लागतच नाहीत. कुठल्या तरी महोत्सवात सकाळी दहाच्या खेळाला लागतात, चाळीस माणसं बघतात, त्यातली सहा नंतर दिग्दर्शकाशी बोलायला थांबतात आणि संपलं. अशा एकोणीस सिनेमांत रुपराव होते. कंपाउंडर होते, तलाठी होते, नवऱ्या मुलीचे बाप होते. एकदा तर बसस्टँडवर वाट बघणारा इसम होते, आणि बस शेवटपर्यंत आली नाही. पोटापाण्यासाठी त्यांनी एका शाळेच्या प्रयोगशाळेत सत्तावीस वर्षं परीक्षानळ्या धुतल्या. शूटिंग दिवाळीच्या नाहीतर उन्हाळ्याच्या सुट्टीत.

तरुणपणी ते झाडीपट्टीच्या नाटकात उतरले होते. तिथं उघड्या शेतात हजारो माणसं बसतात आणि नटाचा हुंदका शेवटच्या रांगेपर्यंत जावा लागतो. रुपरावांचा हुंदका दुसऱ्या रांगेतसुद्धा पोचेना. मालकानं दोन हंगाम कळ काढली आणि मग त्यांना पडदा ओढायला उभं केलं. पुढं कधीतरी फिल्म शिकणाऱ्या एका पोरानं त्यांना कॅमेऱ्यासमोर बसवलं, आणि कॅमेऱ्याला मात्र हा माणूस मानवला. तो जवळ येऊन बघतो, त्याला ओरडून सांगावं लागत नाही. रुपरावांना आपली जागा सापडली ती चाळिशीत.

आणि चार वर्षांपूर्वी तो चौकीदार. बंद पडलेल्या कारखान्याच्या फाटकावर बसलेला म्हातारा, सबंध सिनेमाभर बोलतो जेमतेम दहा वाक्यं. परदेशातल्या एका महोत्सवात परीक्षकांनी रुपरावांचा खास उल्लेख केला. एका समीक्षकानं लिहिलं, की हा नट चेहऱ्यावरचा एक स्नायू न हलवता सगळं सांगतो. मुलीनं, दिपालीनं, पुण्याहून ते कात्रण प्लास्टिकमध्ये बसवून पाठवलं. तोच चौकीदार बघून रामदासपेठेतला अर्णव नावाचा तरुण त्यांच्या मानेवाड्याच्या घरी आला आणि म्हणाला, काका, माझ्या सिनेमाचा हिरो तुम्ही. एकसष्टाव्या वर्षी पडद्यावरच्या पाटीवर पहिलं नाव रुपरावांचं येणार होतं. नोव्हेंबरात मौद्याजवळच्या एका खेड्यात बारा दिवसांचं काम झालं होतं. चार दिवसांचं राहिलं होतं, ते जानेवारीत.

धंतोलीहून मानेवाड्याला येईपर्यंत ऑटोत रुपराव एकच हिशेब करत होते. चौकीदार केला त्याला साडेचार वर्षं झाली होती.

घरी आल्यावर त्यांनी गोळ्यांची पिशवी टीव्हीशेजारी ठेवली.

"फेब्रुवारीपासून सुरू करतो," ते म्हणाले.

"काहून?" प्रेमिलाबाई मेथी निवडायला बसल्या होत्या.

"अर्णवचे चार दिवस बाकी आहेत. पाऊण पिक्चर या तोंडानं झाला. आता तोंड बदललं तर त्या पोराची तीन वर्षाची मेहनत पाण्यात जाईन."

प्रेमिलाबाईंनी दोन-चार काड्या निवडल्या. मग जुडी खाली ठेवली.

"एक सांगा मले. तुम्ही माह्यावर नाराज नव्हते?"

"कायले?"

"तुमच्या त्या चौकीदारच्या पिक्चरले मी आली नाही म्हणून. सीताबर्डीले हॉलमधी दाखवला होता. मी काटोलले गेली होती, बहिणीच्या पोरीचं लग्न जुळलं होतं, तिच्या साक्षगंधाले."

"त्याले तर चार वर्षं झाले."

"म्हणूनच विचारून राहिली. मी वापस आली, साक्षगंधाचे पेढे तुमच्या हातावर ठेवले. तुम्ही खाल्ले, पण तोंड असं. मी म्हटलं, राग धरला. उतरन दोन दिवसात. नाही उतरला. दिपालीच्या लग्नात पाहा तुम्ही फोटोत कसे उभे आहात, कोणाच्या मयतीले आल्यासारखे. मी काही सांगावं, तुम्ही फक्त पाहावं. मंग मी सांगणंच सोडून देलं. किती तोंडाकडे पाहावं माणसानं कोणाच्या?"

त्या हे भांडणाच्या सुरात बोलत नव्हत्या. खूप चालून आलेलं माणूस खाली बसता बसता बोलतं, तशा बोलत होत्या.

"चार वर्षं मी एका रागावलेल्या माणसाले जेवण वाढून राहिली," त्या म्हणाल्या.

"मी नव्हतो वं रागावलो."

"ते आज समजलं."

रुपरावांना वाईट वाटलं. इतकं वाईट त्यांना आई गेली तेव्हाच वाटलं होतं. पण ते चेहऱ्यावर काही आलं नसावं, कारण प्रेमिलाबाईंनी क्षणभर त्यांच्याकडे निरखून पाहिलं आणि मेथी घेऊन त्या आत निघून गेल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी साडेसातला रुपरावांनी पहिली अर्धी गोळी घेतली. अर्णवला फोन करून सांगायचं ठरवलं. आज करू, उद्या करू, असं करता करता ते राहूनच गेलं.

गोळी लागू पडायला पंधरा-वीस दिवस गेले. एका दुपारी प्रेमिलाबाई किराणावाल्याची गंमत सांगत होत्या. त्यानं साबुदाणा म्हणून भगर बांधून दिली होती आणि वर याच भगरीचा उपास करा म्हणाला होता. सांगता सांगता त्या मधेच थांबल्या.

"काय झालं?" रुपरावांनी विचारलं.

"काही नाही."

आणि त्यांनी ती सगळी गंमत पुन्हा पहिल्यापासून सांगितली, त्यांच्या तोंडाकडे बघत.

जानेवारीच्या शेवटी मौद्याकडे थंडी चांगलीच होती. त्या खेड्यातून लांबवर वीजकेंद्राच्या चिमण्या दिसत, त्या सकाळी धुक्यात अर्ध्याच असत. अकरा माणसांचं युनिट गावातल्या कांताबाईंच्या घरात उतरलं होतं, दोन खोल्यांत पोरं, एकीत मुली आणि एक खोली रुपरावांना. या खेपेला प्रेमिलाबाईही सोबत आल्या होत्या. गोळ्यांच्या वेळा सांभाळायच्या म्हणून. बाकीच्यांना त्यांनी सांगितलं, की घरी एकटीला करमत नाही.

पहिले दोन दिवस लांबूनचे शॉट होते, शेतातले, रस्त्यावरचे. ते निभावले. तिसऱ्या दिवशी सकाळी सिनेमातला शेवटचा शॉट होता. अकरा वर्षांनी घरी आलेली मुलगी एक रात्र राहून परत गेली आहे. बाप मागच्या ओट्यावर बसून ती गेली त्या वाटेकडे बघतो. अडीच मिनिटं. कॅमेरा त्याच्या तोंडापासून दोन हातांवर. चेहरा हलत नाही. झालं, सिनेमा संपला. लोकांना गोष्ट सांगताना अर्णव नेहमी इथूनच सुरुवात करायचा. हवा तो उजेड सकाळी सात ते पावणेआठ एवढाच मिळत होता.

पहिला टेक झाला. अर्णव उठून जवळ आला आणि ओट्यावर टेकला.

"काका, छान होतं. फक्त थोडं कमी करू या."

रुपराव त्याच्याकडे बघतच राहिले. झाडीपट्टीपासून आजपर्यंत जो उठला तो त्यांना 'थोडं वाढवा' म्हणाला होता. कमी करा असं त्यांना जन्मात कुणी म्हटलं नव्हतं.

दुसऱ्या टेकला त्यांनी चेहरा घट्ट धरला. ते धरलेलं दिसलं. तिसऱ्याला सोडून दिला, तर ओठाचा कोपरा हलला आणि डोळे भरून आले. चौथ्याला त्यांना कळेना, की आता नेमकं काय करायचं. कॅमेरामन साहिल कॅमेऱ्यामागं उभा होता. शेजारी वेदिका नोव्हेंबरचं चित्रण आणि आजचं, दोन्ही पडद्यावर बाजूबाजूला लावून बसली होती. गेल्या खेपेला शर्टची कितवी गुंडी लावली होती आणि घड्याळ कुठल्या हातात होतं, हे बघणं तिचं काम.

"सर," ती हळूच म्हणाली. "दाढी जुळते, शर्ट जुळतो, शालीची घडीसुद्धा जुळते. चेहरा जुळत नाहीये."

उजेड संपला होता. पोरं दिवे, तारा आवरू लागली.

"अर्णव, बस गा इथं," रुपराव म्हणाले.

मग त्यांनी सांगितलं. आजाराचं नाव, गोळी, सगळं. ऐकून झाल्यावर तो कितीतरी वेळ ओट्यावरचा पोपडा नखानं काढत राहिला.

"म्हणजे नोव्हेंबरमध्ये..."

"तेव्हा गोळी नव्हती."

"आणि चौकीदार?"

"डॉक्टरीण बाई चार-पाच वर्षं म्हणते."

"मग काका, तुम्ही ते करत नव्हता?"

गेले पाच-सहा आठवडे रुपराव स्वतःला हेच विचारत होते, आणि विचारून विचारून थकले होते.

"आतून करतच होतो गा," ते म्हणाले. "बाहेर किती येऊन राहिलं, ते मले मालूम नाही."

अर्णव उठला, विहिरीपर्यंत गेला आणि परत आला. तो चिडला असता तर रुपरावांना सोपं गेलं असतं. तो चिडला नव्हता.

"काका, मी हे विचारू नये, मला कळतंय," तो खाली बघत म्हणाला. "पण उद्याची एक सकाळ आहे हातात. परवापासून साहिल दुसऱ्या कामावर जातोय. आज दुपारपासून गोळी नाही घेतली तर? फक्त उद्या सकाळपर्यंत. नंतर लगेच सुरू करा."

प्रेमिलाबाई दारात उभ्या होत्या. त्यांनी सगळं ऐकलं होतं. रुपरावांनी त्यांच्याकडे पाहिलं.

"तुमचं तुम्ही पाहा," त्या म्हणाल्या आणि आत गेल्या.

खरं सांगायचं तर रुपरावांना हो म्हणायचं होतं. एकोणीस सिनेमांत त्यांनी दुसऱ्यांच्या गोष्टी कडेला उभं राहून पुढं ढकलल्या होत्या. ही पहिलीच गोष्ट त्यांची होती, आणि शेवटचीही असणार हे त्यांना ठाऊक होतं. हात थरथरणाऱ्या म्हाताऱ्याला कोण बोलावणार आहे पुन्हा? आणि त्या चेहऱ्यात आजार किती नि आपण किती, हे कुणाला कळणार होतं? पडद्यावर तर चांगलंच दिसलं असतं. दुपारी एकची गोळी प्रेमिलाबाईंनी ताटाशेजारी ठेवली. रुपराव म्हणाले, जेवल्यावर घेतो. घेतली नाही. संध्याकाळची साडेसहाचीही राहिली. प्रेमिलाबाईंनी दोन्ही गोळ्या पुन्हा डबीत टाकल्या.

दिवेलागणीपर्यंत अंग जड झालं. स्वेटर चढवताना उजवा हात बाहीत शिरेना, तेव्हा प्रेमिलाबाईंनी मागून बाही ओढून दिली. मग त्या समोरच्या खाटेवर बसल्या.

"कांताबाई मले विचारत होती," त्या म्हणाल्या, "का तुमचे मालक खरंच हिरो आहेत का म्हणे. मी म्हटलं, हो. तर म्हणते, मंग हिरोईन कोण? म्हटलं बाप्पा, याच्यात हिरोईनच नाही. तर म्हणते, बरं झालं वं बाई, तुह्या जीवाले तेवढाच आराम."

सांगताना त्या रुपरावांच्या तोंडाकडेच बघत होत्या. सांगून झालं. थोडा वेळ त्या तशाच बसून राहिल्या, मग शालीची घडी घालू लागल्या.

"मले हसू आलं वं," रुपराव म्हणाले. त्यांचा आवाजही बारीक झाला होता.

"आलं असन," प्रेमिलाबाई म्हणाल्या. "झोपा आता. सकाळी लवकर उठायचं आहे."

सकाळी पाचला रुपराव उठले तेव्हा प्रेमिलाबाई चूल पेटवायला कांताबाईंच्या स्वयंपाकघरात गेल्या होत्या. खुर्चीवर पाण्याचा गिलास होता आणि डबी होती. डबीचं झाकण लावलेलं होतं. रोज त्या गोळी काढून हातावर ठेवत. आज ठेवली नव्हती.

रुपरावांना ते झाकण उघडायला बराच वेळ लागला. बोटं ऐकत नव्हती. दोनदा डबीच हातातून निसटून खाटेखाली गेली. शेवटी त्यांनी झाकण दातांनी धरून उघडलं, गोळी घेतली आणि ते गिलासभर पाणी प्यायले.

साडेसहाला ते मागच्या ओट्यावर गेले. साहिल कॅमेरा लावत होता.

"गोळी घेतली, अर्णव," ते म्हणाले.

अर्णवचा चेहरा पडला. त्यानं मान हलवली, ठीक आहे म्हणाला, पण ठीक काहीच नव्हतं. सगळं युनिट जागच्या जागी उभं राहिलं. त्या पोराकडे बघून रुपरावांना भरून आलं, आणि आज ते सगळ्यांना दिसलं.

"मागून घे," ते म्हणाले.

"काय?"

"माह्या मागून. कॅमेरा तिकडं दारात ठेव. पोरगी गेली त्या रस्त्याकडे बाप पाहून राहिला, आपण त्याच्या पाठीकडे पाहून राहिलो. तोंडाची काय गरज आहे? लोक लावतील आपल्या मनानं."

अर्णव ओट्यावर इकडून तिकडे गेला, दारातून वाकून बघितलं, हातांची चौकट करून बघितलं. तीन वर्षं मनात धरलेला शॉट सोडायचा म्हणजे काही थट्टा नव्हती. पण चिमण्यांमागं फटफटत होतं आणि वाद घालायला वेळ नव्हता.

"वेदिका, पाठ जुळते का?"

वेदिकानं पडद्यावर पाहिलं, मग रुपरावांच्या मानेकडे. "शाल जुळते. मानेवरचे केससुद्धा नोव्हेंबरएवढेच आहेत."

"साहिल, दारात ये."

आता एकच अडचण उरली. रिकाम्या जागेकडे बघून काम करणं रुपरावांना कधी जमलं नव्हतं. नजरेसमोर कुणीतरी बसलेलं लागायचं, चहावाला असला तरी चालायचा, पण जिवंत माणूस हवं. मुलीचं काम करणारी सोनिका नोव्हेंबरात कॅमेऱ्याच्या शेजारी बसायची. ती आदल्या दिवशीच पुण्याला गेली होती. वेदिकाला पडद्यासमोरून हलता येत नव्हतं.

"काकूंना बसवू या," अर्णव म्हणाला.

"मले नाही येत ते ॲक्टिंग-फॅक्टिंग," प्रेमिलाबाई म्हणाल्या.

"तुम्हाला काही करायचं नाही, काकू. फक्त बसायचं."

ओट्याखाली, रुपरावांच्या अगदी समोर, एक बुटकं स्टूल ठेवलं. प्रेमिलाबाई पदर सावरून त्यावर बसल्या. रुपरावांची चण मोठी, शाल पांघरलेली, आणि त्या मुळात लहानखुऱ्या. साहिलनं कॅमेऱ्याला डोळा लावला.

"काकू दिसत नाहीत. पूर्ण झाकल्या गेल्यात."

"चला," अर्णव म्हणाला. "रोल."

पडद्यावर एका म्हाताऱ्याची पाठ होती. मान, दोन कान, खांद्यावरून घसरलेली शाल आणि पलीकडे धुक्यात गेलेली वाट. पहिलं मिनिट काहीच झालं नाही. मग उजवा खांदा खाली आला, थोडासाच, हातातली जड पिशवी कुणी काढून घेतल्यावर येतो तसा. मान एकदा हलली. नकाराची की होकाराची, ते पाठीवरून सांगता येईना. दूर कुणीतरी पंप सुरू केला. अडीच मिनिटं झाली, तीन झाली. वेदिकानं अर्णवकडे पाहिलं. तो तोंडावर हात धरून उभा होता आणि कट म्हणायचं विसरला होता.

"कट," तो शेवटी म्हणाला. "ओके. हाच."

कुणी टाळ्याबिळ्या वाजवल्या नाहीत. साहिलनं डोळे पुसले आणि थंडीनं पाणी येतंय म्हणाला. अर्णव ओट्यावरून उडी मारून खाली आला. तोवर रुपराव विहिरीकडे तोंड धुवायला निघाले होते. प्रेमिलाबाई अजून स्टुलावरच बसल्या होत्या. पदराचं टोक त्यांच्या मुठीत होतं.

"काकू," अर्णव त्यांच्यापुढं उकिडवा बसला. "काकांनी काय केलं? आम्हाला नुसती पाठ दिसली. रडले का? हसले?"

प्रेमिलाबाईंनी त्याच्याकडे पाहिलं.

"तुमच्या पिक्चरमधी आलं का ते?"

"नाही ना. म्हणून तर विचारतोय."

"मंग ते माह्यं," प्रेमिलाबाई म्हणाल्या आणि उठल्या.